भालेवाले बाबा आणि राहून गेलेला नवस

फेचबुरीत सकाळ प्रथम नदीवर उतरते आणि तिथून, कुठलीही घाई नसल्यासारखी, आमच्या स्वयंपाकघरात येते. पैलतीरावरच्या ताडांचे शेंडे आधी करडे होतात. मग देवळाच्या कळसाच्या टोकाला एक फिकट रेघ उमटते, ती सावकाश खाली सरकत शेजाऱ्यांच्या पत्र्यावर येते आणि पत्र्यावरून घसरून आमच्या फळ्यांच्या भिंतीशी थांबते. या भिंतीला फटी आहेत. वडील होते तेव्हापासून त्या बुजवायच्या राहिल्या आहेत. आता त्या आमच्या घड्याळाचे काम करतात. पहिली पट्टी पाण्याच्या रांजणावर पडते, दुसरी भाताच्या वाफेत विरघळून जाते आणि तिसरी, सर्वांत अरुंद, आईच्या दगडी खलात जाऊन बसते. वर्षानुवर्षे मिरच्या कुटून त्या खलाचा तळ खोलगट आणि गुळगुळीत झाला आहे. प्रकाश तिथे काही वेळ पाण्यासारखा साचून राहतो. यात पाहण्यासारखे काही नाही. मी मात्र रोज पाहतो, कारण तेवढा वेळ माझ्याशी कोणी बोलत नाही.

त्या दिवशी खलात प्रकाश साचला तेव्हा आई भाताचा वाडगा घेऊन फाटकाशी उभी होती. भिक्खूंची रांग आमच्या गल्लीतून उजाडताच जाते आणि तशी ती गेलीही होती. आईने चपला काढून सर्वांच्या पात्रांत भात वाढला होता, हात जोडून आशीर्वाद घेतला होता, आणि हे सर्व मी स्वयंपाकघराच्या खिडकीतून पाहिले होते.

"आई, भिक्खू गेले ना मघाशी."

"गेले कुठे? अजून यायचेत. तू आत जा आणि अंगात शर्ट घाल. उघडा काय उभा राहतोस त्यांच्यासमोर?"

मी शर्ट घातला. वाढत्या वयाबरोबर माणसाची पुण्याची भूक वाढत असावी, असा निष्कर्ष काढून मी कचेरीत गेलो.

आमची कचेरी प्रांताची संस्कृती सांभाळते. संस्कृती स्वतःच्या पायांवर बरी चालत असल्यामुळे आमच्याकडे काम बेताचे असते. अपवाद वार्षिक जत्रेचा. जत्रेत आमचा एक मांडव असतो आणि लोक त्यात सावलीसाठी येतात. यंदा त्यांनी सावलीबरोबर ज्ञानही न्यावे, असे विचियनसाहेबांनी ठरवले. मांडवाच्या मधोमध एक फलक असणार होता: 'कॅ-बोन: शब्दाचा अर्थ व उगम'.

"मेत, हा तू लिही," साहेब म्हणाले. "तू बोलत नाहीस, म्हणजे लिहीत असशील."

मी कोशांच्या कपाटाची किल्ली मागून घेतली.

मी लिहिले. आठवडाभर जुने कोश चाळून अत्यंत संयमाने लिहिले: 'बोन म्हणजे देवापाशी तोंडाने उच्चारून मागणे. हा शब्द बहुधा ख्मेर भाषेतून आपल्याकडे आला. कॅ म्हणजे सोडवणे. शिवण उसवणे, गणित सोडवणे, विषावर उतारा देणे, या सर्वांना आपण हाच शब्द वापरतो. मागताना माणूस देवाशी एक गाठ मारतो. मागितलेले मिळाले की ती स्वतः सोडवतो. हे सोडवणे म्हणजे कॅ-बोन.' मला हा मजकूर सुंदर वाटला होता. त्यात कोणीही बोलत नव्हते.

साहेबांनी चष्मा वर ढकलला. "ख्मेर? म्हणजे शेजारच्या देशातून?"

"हो साहेब."

"नवसाचा नाच आपला, नवसाची अंडी आपली, देव आपले, आणि शब्द शेजारून आणला? जत्रेत गव्हर्नर येणारेत, मेत. तिथे 'प्राचीन' लिही."

"पण प्राचीन कुठून, साहेब?"

"प्राचीन काळातून! आणि हे असं कोरडं नको. एक उदाहरण टाक. खऱ्या घरातलं, फोटोसकट. आई, मुलगा, नवस, डोळ्यांत पाणी."

त्यावर पलीकडच्या टेबलावरून आमच्या वानथनीबाई, ज्यांना माझ्या आयुष्याची माझ्यापेक्षा बरी माहिती असते, म्हणाल्या, "शोधायला कशाला जायचं? याच्याच आईने बोललं होतं की, याच्या चिठ्ठीच्या वेळी. अख्ख्या गावाला माहितीये."

अख्ख्या गावाला माहीत होते हे खरे. आमच्याकडे एकविसाव्या वर्षी मुलगा तालुक्याच्या पटांगणात जातो आणि सर्वांसमोर एका घटात हात घालतो. लाल चिठ्ठी निघाली तर सैन्यात, काळी निघाली तर घरी. त्या आधीच्या संध्याकाळी गावातल्या आया कुठल्या ना कुठल्या देवापुढे बसलेल्या असतात. कोणापुढे बसू नये, हेही सर्वांना ठाऊक असते: भालेवाल्या बाबांपुढे. बाबा हयातीत सेनापती होते, ठाण्यावरच्या मूर्तीत अजूनही हातात भाला धरून उभे आहेत, आणि त्यांना सैनिक आवडतात. लॉटरीचा आकडा, परीक्षा, कोर्टातला खटला, काहीही मागावे. सैन्यातून सुटका मागू नये. माझ्या आईने नेमकी तीच मागितली, कारण बाबांचे ठाणे तिच्या बाजाराच्या वाटेवर होते. आणि माझी चिठ्ठी काळी निघाली. बाबांच्या इतिहासात असे प्रथमच घडले म्हणतात. काही लोक अजून मला पाहून मान हलवतात.

"मग फेडला ना नवस?" साहेबांनी विचारले.

मला अंधुक आठवत होते की त्याच दुपारी आई आणि मी स्कूटरवरून ठाण्यावर गेलो होतो आणि मोगऱ्याच्या ओल्या हाराने माझ्या शर्टाच्या खिशाला डाग पाडला होता. परंतु आमच्या घरात आईची आठवण ही निकालासारखी असते आणि माझी फार तर विनंतीसारखी. मी म्हणालो, "आईला विचारून सांगतो."

आई मिरच्या कुटत होती. मी विचारले आणि बत्ता थांबला.

"अगंबाई," ती म्हणाली. "नाही रे. राहिलाच की."

"आई, आपण त्या दिवशी हार घेऊन गेलो नव्हतो का?"

"तो दुसऱ्या कशाचा असेल. नवस नाही फेडला. फेडला असता तर मला आठवलं नसतं?"

हे बिनतोड होते.

"मग बोलली काय होतीस तू?"

तिने खलात पाहिले, बराच वेळ पाहिले, जणू ते तिथेच मिरच्यांखाली गेले असावे. "आठवेल. कुटता कुटता आठवेल."

त्या रात्रीचे आंबट सार गोड लागले. आमचा मुलूख ताडाच्या साखरेचा. हात सढळ पडला असणार, असे मला वाटले, आणि मी ते दोनदा मागून घेतले.

येथे नवसाचा एक नियम सांगणे भाग आहे, कारण पुढचे सर्व त्यातून उद्भवले. नवस जसा बोलला तसाच सोडवावा लागतो. अंडी बोललात तर अंडी, नाच बोललात तर नाच. अंड्यांच्या जागी नाच चालत नाही. आणि काय बोललो हेच विसरलात, तर किल्ल्या हजार असल्या तरी कुलूप कुठे आहे तेच ठाऊक नाही, अशी अवस्था होते.

फलकाला उदाहरण हवे होते, ते तसे साधे काम. पण आईचे वेगळेच सुरू झाले. "बाबा लष्करी माणूस," ती म्हणू लागली. "शब्द मोडलेला त्यांना नाही चालायचा. तुला सैन्यात बोलावून घेतील." रस्त्यावरून हिरवा ट्रक गेला की ती दारात येई आणि तो वळेपर्यंत मला आत थांबवी. ट्रक बहुधा बर्फाचा असे. तिचे जेवण सुटत चालले. फलक गेला खड्ड्यात, पण हा नवस शोधून सोडवल्याखेरीज आईला चैन पडणार नव्हते.

शेजाऱ्यांना विचारण्याची आवश्यकता पडली नाही. ते स्वतः आले.

"अंडी!" प्रयोंगमावशी कुंपणावरूनच म्हणाल्या. मावशी अंड्याची खरवसासारखी मिठाई भाजून विकतात आणि जगातल्या बहुतेक प्रश्नांना त्यांचे हेच उत्तर असते. "मी हिच्या शेजारी बसले होते ना. उकडलेली अंडी बोलली ही. टोपलीभर."

"हो हो, अंडीच!" आईचा चेहरा एकदम उजळला. "बघ, म्हटलं नव्हतं आठवेल?"

पलीकडच्या ओट्यावरून बुनमाकाकांनी हुंकार दिला. काका निवृत्त हवालदार आहेत आणि माझ्या काळ्या चिठ्ठीला त्यांनी वैयक्तिक अपमान मानलेले आहे. "लष्करातून सुटका मागायला सेनापतीकडे! म्हणजे दारू सुटावी म्हणून गुत्तेवाल्याचे पाय धरायचे. आणि वर त्याला अंडी?"

"काका, सेनापतींना अंडी आवडत नाहीत का?" मी शक्य तितक्या नम्रतेने विचारले.

"आम्हाला छावणीत रोज अंडी होती," काका म्हणाले. "आवडीचा प्रश्न कुणी काढला नाही."

आम्ही अंडी उकडली. मावशींचे मोठे पातेले आणले, मावशींच्या पुतण्याकडची अंडी आणली, आणि मावशींच्याच सल्ल्याने झाकण ठेवले, ज्यामुळे निम्मी फुटली. फुटलेली चालतात का, यावर गल्लीत दोन पक्ष पडले. शेवटी धड अंडी टोपलीत वर आणि फुटकी खाली, अशी तडजोड झाली. साहेब स्वतः कॅमेरा घेऊन ठाण्यावर हजर होते.

उदबत्त्या लावून त्या जळेपर्यंत नैवेद्याला हात लावायचा नसतो. तेवढ्यात बाबा जेवतात. ही प्रथा माणसांना माहीत आहे. डोंगराकडून येणाऱ्या माकडांना ती कोणी सांगितलेली नाही. पहिले माकड आले तेव्हा उदबत्ती अर्धीसुद्धा जळली नव्हती. त्याने वरचे अंडे उचलले, सोलले, आणि माझ्याकडे पाहत खाल्ले. मग बाकीचे कुटुंब आले. मी त्यांना हाताने हुसकावण्याचा प्रयत्न केला. माझ्या हुसकावण्यात दुसऱ्याला पटेल असे काही नसते. एकाने मला सोललेले टरफल परत केले. एक पिल्लू तर बाबांच्या भाल्यावर चढून तिथे निवांत जेवले, आणि साहेबांचा त्या दिवसाचा एकमेव स्पष्ट फोटो त्याचा आला.

"बाबांनी माकडाच्या रूपाने खाल्लं," मावशी म्हणाल्या.

"सेनापती टरफलं फेकत नाहीत," काका म्हणाले.

"गव्हर्नरांना हे दाखवू?" साहेब म्हणाले.

एकूण मत असे पडले की नवस सुटला की नाही हे सांगता येत नाही, आणि फोटो पुन्हा काढावा लागेल.

दुसऱ्या दिवशी सकाळी आईने स्वयंपाकघरातल्या उरलेल्या अंड्यांकडे पाहिले. "एवढी अंडी कुणी उकडली रे? घरात लग्न आहे का?"

माकडांच्या धक्क्यातून ती अजून सावरली नव्हती, हे उघड होते. मी म्हणालो, "बाबांसाठी, आई."

"बाबांना अंडी कशाला? मी तर नाच बोलले होते."

"नाच?"

कुंपणापलीकडून बुनमाकाकांचा आवाज आला. "नाचच! आणि भाड्याचा नाही. ज्याची सुटका झाली त्याने स्वतः नाचायचं. असा रोखठोक नवस असेल तरच सेनापती ऐकेल."

"हो, तेच!" आई म्हणाली, आणि तिच्या आवाजात पूर्ण समाधान होते. "मेत नाचेल असंच बोलले होते मी. आता लख्ख आठवलं."

मी आयुष्यात कधी नाचलो नव्हतो. शाळेत समूहनृत्यात मला झाड केले होते, आणि झाड म्हणूनही मी मागच्या रांगेत होतो.

नगरपालिकेत कळले की देवापुढे नाचायला परवानगी लागत नाही; परंतु ढोल कर्ण्यावर लावायचा असेल तर लागते. खिडकीतल्या कारकुनाने विचारले, "कशाबद्दल नवस?"

"सैन्यातून सुटलो."

"आणि बोललं काय होतं?"

"नक्की आठवत नाही."

त्याने माझ्याकडे सहानुभूतीने पाहिले. "'आठवत नाही' असं मला लिहिता नाही येत, भाऊ. नाच लिहितो. चुकीचा निघाला तर परत या."

ठाण्याच्या मंडपात सइंगबाईंची मंडळी बसलेली असतात. नवसाचे गिऱ्हाईक आले की उठून नाचतात, नसले की कलिंगडाच्या बिया फोडतात. सइंगबाई सत्तरीच्या, पाठ ताठ, तोंडात विडा. त्यांनी मला आपादमस्तक न्याहाळले आणि मागे वळून म्हणाल्या, "लहान मुकुट आणा गं. या डोक्यात फार काही मावत नाहीये."

माझ्या अंगावर जरीचा अंगरखा चढवला गेला, कमरेला पट्टा आवळला गेला, आणि मुकुटाची नाडी हनुवटीखाली इतकी घट्ट बांधली की लाजून मान खाली घालण्याची माझी एकमेव सोय नाहीशी झाली. बघायला सगळी गल्ली आली होती. वानथनीबाई पंखा घेऊन आल्या होत्या. प्रयोंगमावशींनी मिठाईचा ट्रे उघडून चांगला धंदा मांडला होता. आई सर्वांत पुढे चटईवर बसली होती, ठेवणीतली रेशमी लुंगी नीट चापून, आणि हसत होती. गेल्या कित्येक दिवसांत मी तिला असे पाहिले नव्हते, आणि त्यासाठी मुकुट घालावा लागत असेल तर घालावा, असे मी स्वतःला समजावले.

ढोल सुरू झाला.

"हात वर, बाळ. बोटं मागे. अजून मागे," सइंगबाई माझ्या शेजारी नाचत, ओठ न हलवता सांगत होत्या. "असा नको, तू चौकातला पोलीस नाहीस. गुडघा वाकव. दुसरा. देवा, तुला गुडघे किती आहेत रे?"

"पाठ सरळ!" बुनमाकाका मागून गरजले. "छावणीत गेला असता तर एका महिन्यात शिकला असता!"

मी वळलो तेव्हा मंडळी डावीकडे गेलेली असत. मी डावीकडे गेलो की ती परत येताना भेटत. साहेब जमिनीवर आडवे होऊन फोटो काढत होते आणि ओरडत होते, "थोडी भक्ती, मेत! चेहऱ्यावर थोडी भक्ती!" माझ्या चेहऱ्यावर काय होते ते पुढे सर्वांनी जत्रेत पाहिले, कारण साहेबांनी फोटो पुरुषभर मोठा केला आणि मजकुरासाठी खाली चार ओळींची जागा ठेवली. त्यांतली एक 'प्राचीन' शब्दावर खर्च झाली.

अखेर ढोल थांबला. सइंगबाईंनी बाबांकडे वळून खणखणीत आवाजात सांगितले की या घराने शब्द पाळला, बाबांनी देणे पोचल्याची खूण मनात करावी, आणि आता यांच्यात व बाबांत काही बांधलेले उरले नाही. टाळ्या पडल्या. मावशींनी मला मिठाई दिली. मी घामाने निथळत होतो आणि, खरे सांगायचे तर, आत कुठे तरी हलका झालो होतो. एक काम पुरे झाले होते. आता आई जेवेल, हिरवे ट्रक नुसते ट्रक होतील.

आई उठली. तिने उदबत्त्या पेटवल्या, बाबांसमोर गुडघे टेकले, हात कपाळाशी नेले. आभार मानत असेल, असे सगळ्यांना वाटले. कर्णा बंद करायचे कोणाच्या ध्यानात राहिले नव्हते आणि त्याचा माइक तिच्या जवळच होता, त्यामुळे तिचा तो हळू आवाज पूर्ण आवारात ऐकू आला.

"बाबा, मी नदीकाठची चानपेन. उद्या माझा मेत चिठ्ठी काढायला जाणारे. तुम्हाला सैनिक आवडतात, ठाऊक आहे मला. पण हा मुलगा फारसा बोलत नाही. तिथे कुणी त्याच्यावर ओरडलं तर उलटून बोलणार नाही, तेवढंच मनात घेऊन बसेल. त्याची काळी निघू द्या. निघाली तर उद्याच दुपारी त्याला घेऊन येईन आणि त्याच्याच हातून तुम्हाला मोगऱ्याचा एक हार घालीन. जास्त काही बोलत नाही बाबा. जास्त बोललं तर विसरायला होतं."

तिने तीनदा वाकून नमस्कार केला.

प्रयोंगमावशींनी ट्रेवर झाकण ठेवले. बुनमाकाकांनी घसा खाकरला, सगळ्यांनी त्यांच्याकडे पाहिले, आणि काकांनी कोणताही सल्ला दिला नाही. साहेबांनी कॅमेरा खाली घेतला. सइंगबाई पुढे झाल्या आणि त्यांनी माइकचा खटका बंद केला.

आई वळली. मला पाहून तिच्या कपाळाला आठी पडली.

"हे काय डोक्यावर? उद्या पहाटे उठायचंय आणि तू इथे सोंगं करतोस? काढ ते."

"निघत नाहीये, आई. गाठ बसलीय."

"बस खाली. मी सोडवते."

मी चटईवर बसलो. तिची बोटे माझ्या हनुवटीखाली आली. त्यांना मिरचीचा आणि उदबत्तीचा वास होता. गाठ घामाने भिजून कडक झाली होती. सइंगबाई कात्री घेऊन आल्या, पण आईने मान हलवली. तिने नखाने एक पदर उचलला, दुसरा किंचित ढिला केला, आणि जराही न घोटाळता नाडी सोडवली. मुकुट तिने मांडीवर ठेवला आणि माझे विस्कटलेले केस बसवले.

"घाबरू नकोस," ती म्हणाली. "काळीच निघेल."

"हो," मी म्हणालो.

फाटकाशी हारवाली बसली होती. मी मोगऱ्याचा एक हार घेतला आणि तो शर्टाच्या खिशात ठेवला. तो ओला होता, आणि डाग त्याच जागी पडला. स्कूटरवर आईने मागून माझी कंबर धरली. वाटेत एक हिरवा ट्रक गेला आणि तिने पकड घट्ट केली.

नवस त्या पहिल्या दुपारीच सुटला होता. माझी आई विसरू लागली होती.